पायऱ्या त्याच, खोकं वेगळं

लॉस एंजेलिसच्या सिल्व्हर लेक भागात व्हेंडोम स्ट्रीटवरून टेकडीकडे चढणारा एक अरुंद, सरळसोट जिना आहे. सिमेंटच्या 133 पायऱ्या, दोन्ही बाजूंना बुटक्या भिंती, मधेमधे पाय टेकायला सपाट जागा. 1927 साली दोन नट या जिन्यावरून कपडे धुण्याचं यंत्र घेऊन चढले. चार वर्षांनी तेच दोघे त्याच जिन्यावर पियानो घेऊन चढले. पहिल्या वेळी चित्रपट मुका होता, दुसऱ्या वेळी बोलका.

नट म्हणजे स्टॅन लॉरेल आणि ऑलिव्हर हार्डी. आपल्याकडे त्यांना जाड्या आणि रड्या म्हणतात. 1927 चा लघुपट 'हॅट्स ऑफ', 1932 चा 'द म्युझिक बॉक्स'. दोन्ही हॅल रोच यांच्या स्टुडिओचे.

ध्वनी आल्यावर पडझडीचा विनोद मेला, असं चित्रपटाच्या इतिहासात सर्रास लिहिलं जातं. ते अनेकांच्या बाबतीत खरंही आहे. पण या जोडीनं एकच प्रसंग मूकपटात आणि बोलपटात, दोनदा करून ठेवला आहे. ध्वनीनं या विनोदाला काय दिलं आणि त्याच्याकडून काय नेलं, हे तपासायला याहून चांगली जोडी मला माहीत नाही. माझं म्हणणं आधीच सांगतो: या प्रकरणात ध्वनीनं विनोदाला वजन दिलं. अगदी किलोत मोजावं तसं वजन.

अडचण काय होती

मूकपटातला मारपिटीचा विनोद वेगावर जगत असे. कॅमेरा हातानं फिरवायचा, चित्रण थोडं सावकाश करायचं आणि दाखवताना ते वेगानं पळवायचं. त्यामुळे माणूस पडला तरी त्याला लागलंय असं वाटत नसे, तो चेंडूसारखा उसळून पुन्हा उभा राहायचा. आवाज नसल्यामुळे हाड मोडल्याचा भास होत नसे आणि प्रेक्षक निर्धास्तपणे हसत. थिएटरातला पियानोवाला किंवा वाद्यवृंद त्या पडण्याला ताल द्यायचा.

ध्वनी आला आणि हा सगळा करार मोडला. फितीचा वेग सेकंदाला 24 चौकटींवर बांधला गेला, कारण वेग बदलला की आवाज चिरका नाहीतर घोगरा व्हायचा. सुरुवातीच्या काळात कॅमेऱ्याची घरघर मायक्रोफोनमध्ये जाऊ नये म्हणून तो बंद पेटीत कोंडला जाई, आणि नटांना लपवलेल्या मायक्रोफोनच्या आसपास घुटमळावं लागे. धावायचं कुठे? त्यात आता पडणाऱ्या माणसाचा आवाज यायचा. डोक्यावर काठी बसली की 'ठक' ऐकू यायचं, आणि त्या 'ठक'मध्ये वेदना असते. चॅप्लिननं याच भीतीनं 1931 सालीही 'सिटी लाइट्स' संवादांशिवाय काढला. बस्टर कीटनसारखा मूकपटांतला अफाट गुणी विनोदी नट एमजीएम स्टुडिओच्या बोलपटांत शब्दांच्या ओझ्याखाली दबून गेला. त्याच्या त्या काळातल्या चित्रपटांत त्याला शाब्दिक कोट्या करताना बघणं मला अजूनही जड जातं.

रोच यांच्या स्टुडिओनं ध्वनियंत्रणेसाठी ध्वनिमुद्रिका काढणाऱ्या व्हिक्टर कंपनीची मदत घेतली आणि तिथून आलेला एल्मर रॅग्यूस ध्वनिविभागाचा प्रमुख झाला. लॉरेल-हार्डींचा पहिला बोलपट मे 1929 मध्ये आला. त्याच्या अखेरीस स्टॅन निरोप घेऊन जिन्याकडे वळतो, चौकटीबाहेर जातो आणि आपल्याला फक्त त्याच्या गडगडण्याचा आवाज ऐकू येतो. पडणं दिसतच नाही. पहिल्याच बोलपटात हे सुचणं मला विलक्षण वाटतं. बाकीचे लोक माइकसमोर काय बोलायचं या विवंचनेत होते, आणि यांच्या लक्षात आलं होतं की ध्वनीमुळे काही गोष्टी दाखवायची गरजच उरत नाही.

या सूचकतेमागे स्टॅन होता असं मानायला जागा आहे. तो 1890 साली इंग्लंडमधल्या अल्व्हर्स्टनला जन्मला, फ्रेड कार्नोच्या मंडळीत मूकनाट्य आणि प्रहसनं करत वाढला, आणि चॅप्लिनबरोबर त्याच कंपनीतून 1910 साली अमेरिकेत आला. विनोद रचणं आणि संकलनाच्या टेबलाशी बसणं हे या जोडीत त्याचं काम, म्हणून त्याला मानधनही हार्डीपेक्षा जास्त मिळे. हार्डी जॉर्जिया राज्यातला, लहानपणापासून गाणारा. त्याचा आवाज मऊ, दक्षिणेकडचा, अदबशीर. इतक्या थोरल्या देहातून इतकं नाजूक बोलणं बाहेर येतं हे ध्वनीमुळेच कळलं. बोलपटानं कितीतरी नटांचे चेहरे आणि आवाज एकमेकांचे वैरी करून टाकले. या दोघांच्या बाबतीत मात्र आवाज ऐकल्यावर लोकांना वाटलं, असाच असणार होता.

पहिली चढण

'हॅट्स ऑफ' आज उपलब्ध नाही. त्याची एकही प्रत सापडलेली नाही. उरली आहेत ती छायाचित्रं आणि कथानकाचं वर्णन. दोघे कपडे धुण्याच्या यंत्राचे विक्रेते. जिन्याच्या वरच्या टोकाशी एक बाई (अनिता गार्विन) खूण करून त्यांना बोलावते. गिऱ्हाईक मिळालं या आनंदात ते यंत्राचं खोकं वर चढवतात. तिला फक्त एक पत्र पेटीत टाकून हवं असतं. खोकं खाली. मग पुन्हा वर. मधूनमधून टोप्यांची अदलाबदल, त्यावरून दोघांची बाचाबाची. शेवटी रस्त्यावरचे सगळेच एकमेकांच्या टोप्या उडवू लागतात आणि यंत्र रस्तादाबणीच्या रोलरखाली चिरडलं जातं.

वर्णनावरूनसुद्धा हसू येतं. पण इथे एक गोष्ट पाहण्यासारखी आहे. त्या मूकपटात खोकं हे केवळ ओझं आहे. आत यंत्र आहे हे आपल्याला माहीत आहे म्हणून माहीत आहे. आत विटा असत्या तरी चाललं असतं. म्हणूनच असेल, विनोद जिन्यावर फार वेळ थांबत नाही, उतरून रस्त्यावरच्या टोप्यांच्या धुमाळीत शिरतो. मुक्या विनोदाला गर्दी लागे, वाढती संख्या लागे.

दुसरी चढण

1931 च्या अखेरीस हीच मंडळी पुन्हा त्या जिन्याशी आली. दिग्दर्शक जेम्स पॅरट, विनोदी नट चार्ली चेस याचा भाऊ. संवाद एच. एम. वॉकर यांचे. नेहमीच्या दोन रिळांऐवजी तीन रिळं, म्हणजे जेमतेम अर्धा तास.

कथा ओळीत सांगता येते. एक बाई नवऱ्याच्या वाढदिवसाला न सांगता भेट द्यायची म्हणून आपोआप वाजणारा पियानो विकत घेते. पत्ता सांगते 1127 वॉलनट अव्हेन्यू. पियानो पोचवायचं काम लॉरेल अँड हार्डी ट्रान्सफर कंपनीकडे येतं. तीन डॉलर ऐंशी सेंट भांडवलावर उघडलेली ही कंपनी, आणि घोडागाडीच्या पाटीवर 'फाउंडेड' ऐवजी 'फाउंडर्ड' लिहिलेलं, म्हणजे स्थापना 1931 ऐवजी बुडाली 1931. पोस्टमन बोट दाखवतो: ते घर, जिन्याच्या टोकाला. कॅमेरा वर वळतो आणि जिना संपतच नाही.

आता ध्वनी काय करतो ते पाहा. गाडीतून पियानो उतरवताना हार्डी पाठ वाकवतो, घोडी पुढे सरकते आणि खोकं त्याच्यावर आदळतं. त्या आदळण्याबरोबर आतल्या शेकडो तारा एकदम झणझणतात. बास, पुढच्या अर्ध्या तासाची किल्ली हातात आली. यापुढे खोकं पायरीला लागलं, कललं, घसरलं, थोडं टेकलं तरी आतून स्वर येतो. कधी कण्हल्यासारखा, कधी घाबरल्यासारखा. खोकं उघडलेलं नाही, पियानो आपण पाहत नाही, पण तो आत आहे, नाजूक आहे, मोडतोय, हे कानाला सतत कळत राहतं. धुण्याच्या यंत्राला हे जमलं नसतं. स्वतःचा आवाज असलेली जड वस्तू शोधणं, आणि ती वस्तू वाद्य असणं, हा या प्रकरणातला सगळ्यात मोठा निर्णय आहे. बाकी सगळं त्याच्या पाठोपाठ येतं.

वजनाचं म्हणालो ते यासाठी. मूकपटात नट तोल सावरण्याचा अभिनय करून वजन दाखवतात. इथे हार्डीचं धापा टाकणं, बुटांची खरखर, लाकडाची कुरकूर आणि त्यावर तारांचा तो हुंदका, हे सगळं मिळून वजन कानात भरतं. घरात कपाट हलवताना पुढच्याला 'थांब, थांब, जरा टेकव' म्हणणारा कुणीही हे आवाज ओळखेल. मग खोकं हातातून सुटतं आणि गडगडत खाली जातं. जाताना वाजत जातं. आवाज लहान होत जातो, आणि दोघे वर उभे राहून त्याच्याकडे बघत असतात. हार्डीचा चेहरा कॅमेऱ्याकडे वळतो आणि तो आपल्याकडे बघतो. तक्रार नाही, फक्त साक्षीदार मागणारी नजर. मागे तारांचा शेवटचा झंकार विरतो आहे.

हे सगळं संथ आहे. ठरवून संथ. स्टुडिओत प्रथाच होती की चित्रपट आधी प्रेक्षकांसमोर लावायचा, कुठे किती वेळ हशा टिकतो ते पाहायचं आणि त्याप्रमाणे फीत कापायची, म्हणजे पुढचं वाक्य हशात बुडू नये. ध्वनीनं त्यांना असं थांबायला भाग पाडलं, आणि या थांबण्यातून त्यांचा खरा विनोद वर आला. या जोडीचं हसू घटनेत नसतं, घटना कळायला लागणाऱ्या वेळात असतं. खोकं पडतं तेव्हा आपण हसतो, पण ते पडलं हे स्टॅनच्या ध्यानात येतं तेव्हा जास्त हसतो.

जिन्यावर माणसं भेटतात. बाबागाडी घेऊन उतरणारी दाई, तिला वाट देण्यासाठी सरकवलेला पियानो खाली निघून जातो आणि ती खदखदून हसते. स्टॅन तिला लाथ मारतो, ती दुधाची बाटली हार्डीच्या डोक्यात फोडते आणि पोलिसाकडे जाते. कुठे मारलं म्हणून पोलिसानं विचारलं तर सांगते, माझ्या रोजच्या कामाच्या ऐन मधे. पोलीस दंडुका चालवतो तेव्हा स्टॅन त्याला सुनावतो. त्याला म्हणायचं असतं 'ओव्हरस्टेपिंग युअर बाउंड्स', तुम्ही मर्यादा ओलांडताय. तोंडून निघतं 'बाउंडिंग ओव्हर युअर स्टेप्स', तुम्ही पायऱ्यांवरून उड्या मारताय. हे वाक्य पायऱ्यांवर उभं राहून म्हटलेलं आहे. संवादातला विनोद आणि देहाचा विनोद यांचं भांडण कसं मिटवायचं, याचा इतका साधा नमुना त्या काळात दुसरा सापडणं कठीण. शब्द त्या जागेतूनच उगवतो.

मग वरून उतरतो प्रोफेसर थिओडोर फॉन श्वार्त्झेनहॉफेन (बिली गिल्बर्ट). बाजूनं जा म्हटल्यावर तो खवळून आपलं पूर्ण नाव आणि पदव्यांची माळ जर्मन ढंगात म्हणून दाखवतो. मूकपटात ही माळ पाटीवर लिहून दाखवावी लागली असती आणि तिथेच विझली असती. स्टॅन त्याची उंच टोपी उडवतो, ती जिन्यावरून गडगडत रस्त्यावर पोचते आणि गाडीखाली चपटी होते. 'हॅट्स ऑफ'मध्ये टोप्यांसाठी अख्खा रस्ता लागला होता. इथे एक टोपी पुरली.

शेवटी दोघे पियानो वर पोचवतात. पोस्टमन पुन्हा भेटतो आणि सांगतो की जिना चढायची गरजच नव्हती, टेकडीला वळसा घालून वरपर्यंत रस्ता येतो. हार्डीला ते पटतं. आपल्याला आधी कसं सुचलं नाही! आणि दोघे पियानो पुन्हा जिन्यावरून खाली नेतात, गाडीत चढवतात आणि रस्त्यानं वर आणतात.

हा माझ्या मते पडद्यावरच्या विनोदातला एक सर्वोच्च क्षण आहे, आणि इथे कुणी पडत नाही. त्यांना मूर्ख म्हणणं सोपं आहे. पण ते कामचुकार नाहीत. योग्य रीत कळली की ती पाळायची, कितीही कष्ट पडोत, ही त्यांची सचोटी आहे. 1932 साली अमेरिका मंदीत होरपळत होती, लाखो लोकांना हमालीसुद्धा मिळत नव्हती. दिलेलं काम पुरं करायचंच म्हणून झटणारे हे दोघे त्या प्रेक्षकांना परके वाटले नसतील.

घरातला भाग मी थोडक्यात आटोपतो, कारण कप्पीनं पियानो वरच्या खिडकीतून आत घेणं, अंगणातल्या हौदात कोसळणं, हे सगळं उत्तम असलं तरी जिन्याच्या तोलाचं नाही. खोकं उघडल्यावर आतून पाण्याचा लोंढा येतो. वीज जोडतात आणि इतका वेळ कण्हणारा पियानो अखेर नीट वाजू लागतो. देशभक्तीपर गाण्यांची मालिका. ती वाजवली स्टुडिओतल्या मार्विन हॅटलीनं, ज्यानं या जोडीची ती प्रसिद्ध कक्कूची धून रचली. फुटकीतुटकी फळकुटं आवरता आवरता दोघे नाचू लागतात. हलकं, जुळलेलं, एकमेकांकडे न बघता पाय टाकणारं नृत्य. हार्डीचं वजन कुठे गेलं कळत नाही. अर्धा तास ज्या वस्तूनं छळलं तिनंच दिलेला हा एक मिनिटाचा आनंद आहे. संगीत थिएटरातल्या वाद्यवृंदातून येत नाही, पडद्यावरच्या पियानोतून येतं, त्यांच्या घामातून येतं. मूकपटात हा प्रसंग होऊच शकला नसता.

प्रोफेसर परततो. घर त्याचंच. पियानोचा त्याला मनस्वी तिटकारा, म्हणून तो कुऱ्हाड घेतो. फोडता फोडता पियानोतून अमेरिकेचं राष्ट्रगीत सुरू होतं, तिघेही सावधान उभे राहतात, थांबलं की पुन्हा घाव. मग बायको येते, भेटीचं गुपित उलगडतं, पश्चात्ताप होतो आणि पावतीवर सही करताना पेनातली शाई त्याच्या तोंडावर उडते.

काय निष्पन्न झालं

एप्रिल 1932 मध्ये लघुपट प्रदर्शित झाला. त्या वर्षी ऑस्करमध्ये लघुपटांसाठी प्रथमच पुरस्कार ठेवले होते आणि विनोदी लघुपटाचा पहिला मान याला मिळाला. त्याच समारंभात व्यंगपटाचा पहिला पुरस्कार डिस्नेच्या 'फ्लॉवर्स अँड ट्रीज'ला गेला. ज्यानं अमेरिकेत हा पडझडीचा विनोद रुजवला त्या मॅक सेनेटलाही पुरस्कार मिळाला, पण वेगळ्या विभागात, तलवारमाशाच्या शिकारीवरच्या लघुपटासाठी. पुढच्याच वर्षी सेनेटचं दिवाळं निघालं. 1997 साली 'द म्युझिक बॉक्स' अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत दाखल झाला.

आणखी एका गोष्टीकडे लक्ष वेधतो, कारण तिचा धागा आपल्यापर्यंत येतो. बोलपट आल्यावर भाषेची सरहद्द उभी राहिली. रोच यांनी त्यावर उपाय म्हणून लॉरेल-हार्डींकडून तेच लघुपट स्पॅनिश, फ्रेंच, जर्मन, इटालियनमध्ये पुन्हा करून घेतले. फळ्यावर उच्चार लिहिलेले, दोघे ते वाचत, अर्थ कळो न कळो. हा खटाटोप महागडा होता आणि लवकरच मागे पडला. कोल्हापुरात प्रभातपुढेही हाच प्रश्न होता. 1932 च्याच फेब्रुवारीत आलेला 'अयोध्येचा राजा' त्यांनी मराठी आणि हिंदी अशा दोन भाषांत चित्रित केला. लॉरेल-हार्डींना पुढे भाषांतराची फारशी गरज उरली नाही, कारण घसरणाऱ्या पियानोला भाषा लागत नाही. मराठी माणसानं एकाला त्याच्या देहावरून आणि दुसऱ्याला त्याच्या रडण्यावरून नाव दिलं. स्टॅनचं ते चेहरा चुरगळून, केस ओढत, बारीक सुरात मुसमुसणं इंग्रजी न येणाऱ्यालाही पहिल्याच वेळी कळतं.

या एका उदाहरणावरून फार मोठा निष्कर्ष काढू नये, हेही सांगायला हवं. ही जोडी मुळातच संथ होती, बोलपट येण्याच्या आधीपासून. ज्यांचा विनोद धावण्यात आणि उंचावरून उडी घेण्यात होता, त्यांच्यासाठी ध्वनीनं काहीच सोय केली नाही. शिवाय ही जागा फार काळ टिकली नाही. थिएटरवाले एका तिकिटात दोन मोठे चित्रपट दाखवू लागले आणि मधल्या लघुपटाला जागा उरली नाही. या जोडीचा रोचकडचा शेवटचा लघुपट 1935 चा. त्यानंतर फक्त लांब चित्रपट, आणि त्यांत प्रेमकथा, गाणी, उपकथानकं यांमधे त्यांना वाट काढावी लागे. विनोदाला लागणारी ती सावकाश अर्ध्या तासाची लांबी गेली, आणि तिच्याबरोबर बरंच काही गेलं. ध्वनीनं जे मारलं नाही ते वितरणाच्या हिशेबानं मारलं, असं मला वाटतं.

तो जिना अजून आहे. चित्रपटात दोन्ही बाजूंना दिसणारी मोकळी जमीन आता घरांनी आणि झाडांनी भरली आहे. पायथ्याशी चित्रपटाच्या नावाची फरशी बसवली आहे आणि लांबून आलेली माणसं पायऱ्या मोजत वर जातात. वर पोचल्यावर प्रोफेसरचं घर दिसत नाही. ते जिन्यावर कधी नव्हतंच, स्टुडिओत उभारलं होतं. आणि 1927 च्या त्या पहिल्या चढणीची फीत जुन्या गोदामांत, संग्रहांत अजून शोधली जाते.